निवृत्त अधिकाऱ्यावर लाचेचा खटला: सरकारची मंजुरी लागते का, आणि फाइल अडली तर काय करायचं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. एका ठेकेदाराने बिल काढण्यासाठी पैसे मागणाऱ्या सरकारी खात्यातल्या उपअभियंत्याला २०१९ मध्ये सापळ्यात पकडून दिलं. अधिकारी २०२१ मध्ये नियत वयोमानानुसार निवृत्त झाला. तपास अधिकारी सांगतात, ‘खटल्याच्या मंजुरीची फाइल शासनाकडे आहे.’ ओळखीचे एक वकील सांगतात, ‘निवृत्त माणसाला मंजुरी लागतच नाही, सुप्रीम कोर्टाचे निकाल आहेत.’ दोघांपैकी बरोबर कोण, आणि तक्रारदाराने आता करायचं काय?

तपास अधिकारी बरोबर आहेत. तुमच्या वकील मित्रांनी सांगितलेले निकालही खरे आहेत, पण ते जुन्या कायद्यावरचे आहेत. २६ जुलै २०१८ रोजी कायद्यातली दुरुस्ती लागू झाली आणि त्या निकालांखालची जमीन सरकली. मी या कायद्याखालचे खटले विशेष न्यायालयात दोन्ही बाजूंनी चालवले आहेत, आणि आजही वकिलांच्या खोलीत हा गैरसमज इतका घट्ट बसलेला दिसतो की आधी तो सविस्तर सोडवतो.

भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा, १९८८ याचं कलम १९ सांगतं की ठरावीक गुन्ह्यांची दखल (म्हणजे खटला चालवायला हाती घेणं) सक्षम प्राधिकाऱ्याच्या, म्हणजे आरोपीला पदावरून काढू शकणाऱ्याच्या, पूर्वमंजुरीशिवाय कोणतंही न्यायालय घेणार नाही. २०१८ पर्यंत या कलमात फक्त ‘नोकरीत आहे’ अशा व्यक्तीचा उल्लेख होता. याआधीच्या, १९४७ सालच्या कायद्यातही कलम ६ मध्ये तेच होतं. त्यावर १९५८ साली एस. ए. वेंकटरामन या आयसीएस (ब्रिटिशकालीन सनदी सेवेतल्या) अधिकाऱ्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की न्यायालय दखल घेतं त्या दिवशी आरोपी लोकसेवक असेल तरच मंजुरी हवी. वेंकटरामन तोवर बडतर्फ झाले होते, म्हणून मंजुरीचा प्रश्नच उरला नाही. यामागचा विचार सरळ होता. खुर्चीवर बसलेल्या माणसाला खोट्या खटल्यांत गुंतवून सरकारी काम बंद पाडता येऊ नये, यासाठी मंजुरी. खुर्ची गेली की तिचं कारण संपलं.

महाराष्ट्राला हा प्रश्न चांगलाच परिचयाचा आहे. सिमेंट वाटपाच्या वादात जानेवारी १९८२ मध्ये बॅरिस्टर अंतुले मुख्यमंत्रिपदावरून पायउतार झाले. रामदास नायक यांची खासगी फिर्याद होती, राज्यपालांची मंजुरी होती, आणि अंतुले आमदार म्हणून कायम होते. मग आमदारकीसाठी वेगळी मंजुरी हवी का? १६ फेब्रुवारी १९८४ रोजी घटनापीठाने सांगितलं की ज्या पदाचा गैरवापर झाला त्या पदावरून काढू शकणाऱ्या प्राधिकाऱ्याचीच मंजुरी लागते, आणि ते पद सुटलं असेल तर तीही लागत नाही. पुढे कालीचरण महापात्र (१९९८), प्रकाशसिंग बादल (२००७), अभयसिंग चौटाला (२०११) या प्रकरणांत हीच रेघ ओढली गेली. लाभसिंग प्रकरणात २०१४ साली न्यायालय आणखी पुढे गेलं: शासनाने मंजुरी नाकारलेली असली, तरी आरोपी निवृत्त झाल्यावर खटल्याला कलम १९ आड येत नाही. तुमचे वकील मित्र ज्या निकालांवर बोट ठेवतात ते बहुधा हेच.

त्या काळात काही ठिकाणी एक रीतच पडून गेली होती. अधिकाऱ्याच्या निवृत्तीला वर्ष-सहा महिने उरले असतील तर मंजुरीच्या मागे कुणी लागायचं नाही. तो घरी गेला की थेट दोषारोपपत्र दाखल करायचं. तपास यंत्रणेला सोयीचं, शासनालाही सोयीचं, कारण सही करण्याची जबाबदारी कुणावरच येत नसे.

नोकरशाहीची तक्रार नेमकी इथे होती. एकाच निर्णयावर सही करणाऱ्या दोघांपैकी नोकरीतल्याला संरक्षण आणि निवृत्ताला काहीच नाही, हे कसं? कोळसा खाणवाटपाच्या खटल्यांत माजी कोळसा सचिव एच. सी. गुप्ता निवृत्तीनंतर आरोपी म्हणून उभे राहिले, तेव्हा ही अस्वस्थता उघडपणे बोलली जाऊ लागली. दुरुस्ती विधेयक २०१३ पासून संसदेत होतं. विधी आयोगाने फेब्रुवारी २०१५ मध्ये त्यावर २५४ वा अहवाल दिला, राज्यसभेच्या प्रवर समितीने २०१६ मध्ये आपलं म्हणणं मांडलं आणि २०१८ मध्ये कायदा झाला. कलम १९ मध्ये ‘नोकरीत आहे’ याच्या जोडीला ‘किंवा कथित गुन्हा घडला त्या वेळी नोकरीत होता’ हे शब्द आले. निवृत्त अधिकारी त्या दिवसापासून मंजुरीच्या कवचात आला. जे पद सोडून आता दुसऱ्याच पदावर आहेत, त्यांचाही विचार दुरुस्तीत झालेला आहे, त्यामुळे अंतुले आणि चौटाला प्रकरणांतल्या त्या मुद्द्याची धारही बोथट झाली.

तुमच्या बाबतीत गुन्हाच २०१९ चा. म्हणजे घटना, तपास, दखल सगळं नव्या कायद्याखाली. वादाला जागा नाही, मंजुरी लागणारच. ज्यांचा गुन्हा २०१८ पूर्वीचा आणि दखल नंतरची, त्यांच्या बाबतीत दोन्ही बाजूंनी युक्तिवाद होतो. माझं मत असं की कलम न्यायालयाच्या दखल घेण्यावर बंधन घालतं, म्हणून दखलेच्या दिवशीचा कायदा पाहायचा आणि मंजुरी घेऊन ठेवायची. मंजुरी घेतली आणि ती अनावश्यक ठरली तर काही बिघडत नाही. न घेता पुढे गेलो आणि ती आवश्यक ठरली, तर सगळा खटला मुळापासून उपटला जातो. २६ जुलै २०१८ पूर्वीच दखल घेतली गेली असेल, तर मात्र जुने निकाल आजही कामाचे.

इथे आणखी दोन मंजुऱ्या लोक एकत्र कालवतात, त्या वेगळ्या करतो.

पहिली कलम १७अ ची. हीसुद्धा २०१८ मध्येच आली आणि ती खटल्याच्या नव्हे, तपासाच्या आधीची आहे. अधिकाऱ्याने पदावर असताना केलेली शिफारस किंवा घेतलेला निर्णय यातून गुन्हा घडल्याचा आरोप असेल, तर चौकशी सुरू करायलाच परवानगी लागते. चंद्राबाबू नायडूंच्या प्रकरणात याच कलमावरून जानेवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींची मतं एकमेकांविरुद्ध गेली. पण लाच घेताना जागेवर पकडलेल्या माणसाला हे कलम लागू नाही, असं त्या कलमातच लिहिलंय. तुमचा सापळा होता, अँथ्रासीनची (अतिनील प्रकाशात चमकणारी) पावडर लावलेल्या नोटा पंचांसमोर मिळाल्या. १७अ चा मुद्दा कुणी काढला तर सोडून द्या.

दुसरी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १९७ ची. १ जुलै २०२४ पासून तिची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २१८ ने घेतली आहे. ही भारतीय दंड संहितेसारख्या सर्वसाधारण कायद्यातल्या गुन्ह्यांसाठी, आणि तिच्यात ‘आहे किंवा होता’ हे शब्द पूर्वीपासूनच आहेत. निवृत्तांना हे संरक्षण कधी गेलंच नव्हतं. पण ते दोन अटींवर मिळतं: आरोपीला पदावरून काढायला सरकारचीच मंजुरी लागत असली पाहिजे, आणि केलेलं कृत्य सरकारी कर्तव्याशी जोडलेलं असलं पाहिजे. लाच मागणं हे कुठल्याही कर्तव्याचा भाग नाही. राष्ट्रीयीकृत बँकेच्या अधिकाऱ्यांना हे संरक्षण मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ आणि २०२३ मध्ये स्पष्ट केलं आहे. उलट नोव्हेंबर २०२४ मध्ये बिभूप्रसाद आचार्य या सनदी अधिकाऱ्याच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने म्हटलं की ईडीच्या मनी लाँडरिंगच्या तक्रारीतही कलम १९७ ची मंजुरी पाहावी लागेल.

मुंबईतल्या आदर्श गृहनिर्माण सोसायटीच्या प्रकरणात अशोक चव्हाणांच्या बाबतीत राज्यपालांच्या मंजुरीवरून जे घडलं ते याच कलम १९७ खाली. चव्हाण तेव्हा माजी मुख्यमंत्री होते आणि तत्कालीन कायद्यानुसार कलम १९ त्यांना लागू नव्हतं. डिसेंबर २०१३ मध्ये राज्यपाल के. शंकरनारायणन यांनी मंजुरी नाकारली. फेब्रुवारी २०१६ मध्ये पुढचे राज्यपाल सी. विद्यासागर राव यांनी ती दिली. २२ डिसेंबर २०१७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ती रद्द केली, कारण पुरावा म्हणून उभं राहील असं नवं साहित्य सीबीआयने पुढे ठेवलेलं नव्हतं. निशांत सरीन प्रकरणात २०१० सालीच हा नियम ठरला होता: एकदा नाकारलेली मंजुरी त्याच कागदांवर पुन्हा विचार करून देता येत नाही, नवा पुरावा हवा. ज्यांच्या प्रकरणात मंजुरी नाकारली गेली आहे त्यांनी हे नीट लक्षात घ्या. ‘सरकार बदललं, आता देतील’ या भरवशावर बसलात तर पुढे कोर्टात तोंडघशी पडाल.

आता तुमच्या फाइलकडे वळतो.

मंजुरी कोण देणार, इथे सगळ्यात जास्त घोटाळे होतात. निवृत्त माणसाला कुणी ‘काढू’ शकत नाही. त्यामुळे गुन्हा घडला त्या वेळी त्याला पदावरून काढण्याचा अधिकार ज्याला होता, तो सक्षम प्राधिकारी. निवृत्तीच्या दिवशी तो कोणत्या पदावर होता याच्याशी संबंध नाही. लिपिक असताना लाच घेतली, मग पदोन्नती होऊन अधिकारी म्हणून निवृत्त झाला, तर पाहायचं ते लिपिकाला काढणारा कोण होता ते. उपअभियंता राजपत्रित, त्यामुळे तुमची फाइल राज्य शासनाकडे जाणं बरोबर आहे. संबंधित प्रशासकीय विभाग तिची छाननी करतो, विधी व न्याय विभागाचा अभिप्राय घेतला जातो आणि मग आदेश निघतो. चुकीच्या टेबलावरून सही झालेली मंजुरी ही मंजुरीच नव्हे. नंजप्पा प्रकरणात २०१५ साली न्यायालयाने सांगितलं की अशा खटल्यात आरोपीला दोषमुक्त करावं लागतं आणि वैध मंजुरी आणून पुन्हा सुरुवात करावी लागते. पूर्वी अशा वेळी आरोपी निवृत्त झालेला असला की दुसऱ्या फेरीत मंजुरीची गरजच उरत नसे. आता तीही सोय नाही.

दुसरं, शासनाकडे काय पाठवलं गेलं. प्राथमिक माहिती अहवाल, मागणी पडताळणीचा आणि सापळ्याचा पंचनामा, संभाषणाची लिखित प्रत, न्यायवैद्यक प्रयोगशाळेचा अहवाल, साक्षीदारांचे जबाब, हे सगळं मंजुरी देणाऱ्यासमोर असायला हवं. तपास यंत्रणा आदेशाचा कच्चा मसुदाही सोबत पाठवते आणि कधी कधी तोच जसाच्या तसा सही होऊन परत येतो, तारखांच्या चुकांसकट. मग मंजुरी देणारा अधिकारी साक्षीला येतो आणि उलटतपासणीत त्याला विचारलं जातं, ‘ध्वनिमुद्रणाची प्रत तुम्ही वाचली होती का?’ तिथे तो चाचरला की बचावाला हवं ते मिळतं. महेश जैन प्रकरणात (२०१३) सर्वोच्च न्यायालयाने बजावलं आहे की मंजुरीचा आदेश अतितांत्रिक नजरेने तपासू नये. तरीही आदेशात विचार केल्याची खूण दिसली पाहिजे, नाहीतर खालच्या कोर्टात वर्षं जातात.

मुदतीचं काय? कलम १९ मध्येच आता लिहिलंय: प्रस्ताव मिळाल्यापासून तीन महिन्यांत निर्णयाचा प्रयत्न करायचा, कायदेशीर सल्ल्यासाठी आणखी एक महिना, तोही कारणं नोंदवून. विजय राजमोहन प्रकरणात ११ ऑक्टोबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही मुदत बंधनकारक ठरवली. मात्र त्याच निकालात असंही म्हटलं की मुदत उलटली म्हणून खटला रद्द होणार नाही, आणि मंजुरी आपोआप मिळाली असंही धरलं जाणार नाही. उशिराचा जाब सक्षम प्राधिकाऱ्याला द्यावा लागेल आणि चार महिने उलटल्यावर तक्रारदार उच्च न्यायालयात जाऊ शकेल.

इथे मला मनापासून काही म्हणायचं आहे. निवृत्तांना संरक्षण देण्याला माझा सरसकट विरोध नाही. धोरणात्मक निर्णयावर सही करणाऱ्या सचिवाला वयाच्या सत्तरीत, संदर्भ हाताशी नसताना, कुणीही न्यायालयात खेचू नये, यात तथ्य आहे. पण रोख पैसे घेताना पकडलेल्या किंवा उत्पन्नापेक्षा अनेकपट मालमत्ता जमवलेल्या माणसाला तेच कवच का द्यावं, याचं पटणारं उत्तर मला आजवर मिळालेलं नाही. १७अ मध्ये संसदेने हा भेद केला, कलम १९ मध्ये केला नाही. आणि सुरक्षा संहितेच्या कलम २१८ मध्ये सरकारने १२० दिवसांत निर्णय घेतला नाही तर मंजुरी मिळाली असं मानण्याची तरतूद आहे, ती भ्रष्टाचाराच्या कायद्यात आणायला काय हरकत होती? आज स्थिती अशी आहे की सर्वसाधारण गुन्ह्यात सरकार गप्प बसलं तर खटला पुढे जातो आणि लाचेच्या गुन्ह्यात सरकार गप्प बसलं तर खटला थांबतो. ही तरतूद विशेष कायद्यातल्या मंजुरीला लावता येत नाही, त्यामुळे ‘१२० दिवस झाले, आता मंजुरी झालीच’ असा अर्ज विशेष न्यायालयात करू नका.

नोकरीत असलेल्यापेक्षा निवृत्ताच्या बाबतीत हा उशीर जास्त महाग पडतो. पंच सरकारी कर्मचारी असतात, तेही निवृत्त होतात, गावी जातात. तक्रारदार थकतो. डिसेंबर २०२२ च्या नीरज दत्ता निकालात घटनापीठाने सांगितलं की तक्रारदार मरण पावला किंवा फितूर झाला तरी लाचेची मागणी इतर पुराव्यावरून सिद्ध करता येते. हा मोठा आधार आहे, पण त्यासाठी तो ‘इतर पुरावा’ तरी ताजा असताना कोर्टात यायला हवा.

पेन्शनची बाजूही पाहा. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ प्रमाणे निवृत्तीच्या दिवशी न्यायालयीन कार्यवाही प्रलंबित असेल, तर नियम १३० खाली तात्पुरतं निवृत्तिवेतन मिळतं आणि उपदान (ग्रॅच्युइटी) अडकतं. फौजदारी प्रकरणात कार्यवाही सुरू झाल्याची तारीख धरली जाते ती न्यायालय ज्याची दखल घेतं तो पोलिसांचा अहवाल सादर झाला त्या दिवसाची. मंजुरीची फाइल निवृत्तीपलीकडे गेली की याच मुद्द्यावर आरोपी आपले लाभ मोकळे करून मागतो. नियम २७ मध्ये घटनेला चार वर्षं उलटल्यावर कार्यवाही सुरू करण्यावर मर्यादा आहे, आणि ‘आता खटलाच चालू शकत नाही’ असं काही जण तिचा आधार घेऊन सांगतात. ते चूक आहे. पंजाबच्या अशाच नियमावर कैलाशनाथ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अशी मर्यादा पेन्शनपुरती असते, फौजदारी खटल्याला तिचा अडथळा नाही. लाचेच्या गुन्ह्याला शिक्षा तीन ते सात वर्षांची, त्यामुळे दखल घेण्याची मुदतमर्यादाही लागू होत नाही.

मग तुम्ही काय करायचं? आधी तपास अधिकाऱ्याला लेखी विचारा: प्रस्ताव शासनाला कोणत्या तारखेला मिळाला, त्रुटी काढून परत आला का, दोषारोपपत्र दाखल केलंय का. मंजुरी नसतानाही दोषारोपपत्र दाखल करता येतं. जळगाव घरकुल प्रकरणात सुरेश जैन यांच्या जामिनाच्या मुद्द्यावर २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की मंजुरी नाही म्हणून तपास अपूर्ण ठरत नाही. दखल मात्र मंजुरी आल्यावरच. उत्तर मिळालं नाही तर माहिती अधिकारात अर्ज करा, पण त्यात टिपण्या किंवा पुरावा मागू नका, तो माहिती अधिकार कायद्याच्या कलम ८ वर (माहिती नाकारण्याच्या तरतुदीवर) बोट ठेवून नाकारला जाईल. प्रस्ताव मिळाल्याची तारीख, सध्या तो कोणत्या कार्यासनाकडे (मंत्रालयातल्या डेस्ककडे) आहे आणि मुदतवाढीची कारणं नोंदवली आहेत का, इतकंच विचारा. हे तारखांचे कागद पुढे उपयोगी पडतात.

नंतर संबंधित विभागाच्या सचिवांना आणि विधी व न्याय विभागाला एक पानाचं निवेदन द्या, विजय राजमोहन निकालाचा उल्लेख करून. त्यावरही हालचाल झाली नाही तर उच्च न्यायालयात रिट याचिका. याचिकेतली मागणी नीट लिहून घ्या. ‘मंजुरी देण्याचा आदेश द्या’ असं लिहू नका. मनसुखलाल चौहान प्रकरणात (१९९७) उच्च न्यायालयाच्या आदेशामुळे दिलेली मंजुरी सर्वोच्च न्यायालयाने अवैध ठरवली, कारण अधिकाऱ्याला स्वतःचा विचार करायला जागाच उरली नव्हती. ‘ठरावीक दिवसांत निर्णय घ्या आणि उशिराची जबाबदारी निश्चित करा’ एवढंच मागा. निर्णय नकाराचा आला, तर त्यातली कारणं तपासून त्यालाही आव्हान देता येतं.

पोलिसांना वगळून स्वतः खासगी फिर्याद करायचा विचार असेल, तर २०१८ नंतर ती वाट लांबची झाली आहे. आधी फिर्याद दाखल करायची, कोर्टाने ती न फेटाळता मंजुरी आणायला सांगायचं, मगच शासनाकडे अर्ज, आणि तिथे शासन अधिकाऱ्याचं म्हणणं ऐकून घेणार. तुमच्याकडे पंचनाम्यासह पूर्ण झालेला सापळा आहे. त्या वाटेला जाऊ नका. आहे तीच फाइल हलवा, आणि प्रस्ताव मिळाल्याची तारीख हाती येताच त्यात चार महिने मिळवून याचिकेची तयारी सुरू करा.